खालून वर वाचायचं

दिंडोशीच्या वसाहतीत धोंडू परबांना आडनावाने कोणी ओळखत नसे. ते धोंडूकाका, आणि धोंडूकाका म्हणजे गाऱ्हाणं. कोणाकडे पूजा असो, साखरपुडा असो, नवी रिक्षा दारात येऊन उभी राहिलेली असो, हातात नारळ घेऊन देवाशी बोलायला धोंडूकाकाच लागायचे. एकदा शेजारच्या दर्शनावहिनींनी कपडे धुवायचं मशीन आणलं, तर त्यालासुद्धा काकांनी गाऱ्हाणं घातलं होतं. 'ह्येच्यात घातलेल्या कापडांचो रंग एकमेकाक लागा नये, रे म्हाराजा!' असं त्यांनी देवाला खणखणीत आवाजात बजावलं होतं आणि वहिनींच्या सगळ्या घराने हसू दाबत 'व्हय म्हाराजा' म्हटलं होतं.

ज्यांनी हे कधी ऐकलं नसेल त्यांना सांगायला हवं. गाऱ्हाणं म्हणजे स्तोत्र नव्हे, त्यात संस्कृत नाही आणि पाठ करण्यासारखंही काही नाही. गावच्या मोठ्या माणसाला दारात उभं राहून आपली अडचण सांगावी, तसं मालवणीत देवाला सांगायचं. एकाने बोलायचं, वाक्य संपलं की 'रे म्हाराजा' म्हणून थांबायचं, आणि जमलेल्यांनी 'व्हय म्हाराजा' म्हणायचं. त्या 'व्हय'ला काका फार मानत. "सांगणारो एकटोच आसलो तर ती नुसती बडबड," ते म्हणत. "व्हय म्हणणारो भेटलो की ता गाऱ्हाणा."

त्यांचे वडील गिरणीत होते. धोंडूकाका लागले पाण्याच्या खात्यात, चावीवाले म्हणून. खांद्यावर माणसाएवढी लोखंडी चावी घ्यायची, सायकलवरून गल्ल्या पालथ्या घालायच्या, रस्त्यातलं झाकण उघडून चावी आत सोडायची आणि फिरवायची. मग चावीच्या दांड्याला कान लावून उभं राहायचं. खालून घरघर आली की समजायचं, पाणी निघालं. गल्लीतल्या बायका त्यांना दुवाही द्यायच्या आणि पाणी उशिरा आलं की सात पिढ्या उद्धरायच्याही. काकांनी दोन्ही सारख्याच शांतपणे घेतलं. निवृत्त होईपर्यंत त्यांचं एवढंच जग होतं. सकाळी पाणी, संध्याकाळी गाऱ्हाणं, आणि दोन्हींच्या मध्ये वनमालाकाकी. काकी त्यांच्या तोंडावर त्यांना 'देवाचो वकील' म्हणायची आणि सगळ्यांच्या आधी, सगळ्यांपेक्षा मोठ्याने 'व्हय म्हाराजा' म्हणायचीही तीच.

काकी आजारी पडली आणि हे सगळं थांबलं.

त्या दिवशी तिला दवाखान्यात ऑपरेशनसाठी आत नेलं होतं. काचेच्या दारावरचा लाल दिवा पेटला होता. बाहेर काका आणि त्यांची एकुलती एक मुलगी श्वेता. पिशवीत नारळ होताच, काका नारळाशिवाय कुठे जात नसत. त्यांना राहवलं नाही. त्यांनी नारळ काढला, चपला बाजूला केल्या आणि त्या गुळगुळीत फरशीवर उभं राहून सुरुवात केली. "बा देवा रवळनाथा, तुझ्या लेकराची पीडा टाळ, तिका चालती-बोलती घराक आण, रे म्हाराजा!"

बाकड्यांवरच्या माणसांनी माना वर केल्या. कोणाच्या तरी मोबाइलवरचं गाणं बंद झालं. लांबून कोणीतरी "काका, हळू" म्हणालं. श्वेता ऑफिसमधून तशीच आली होती, ओळखपत्र अजून गळ्यात होतं. ती लाजली. तिने नजर खाली केली आणि ओळखपत्राची दोरी बोटाला गुंडाळत राहिली. काका थांबले. 'रे म्हाराजा' म्हटल्यावर थांबायचंच असतं. ते जरा जास्तच थांबले, पण 'व्हय' काही आलं नाही. मग त्यांनी नारळ परत पिशवीत ठेवला.

काकी घरी आली नाही.

काकांनी श्वेताला यावर एक अक्षर कधी ऐकवलं नाही, हे त्यांच्या बाजूने सांगायलाच हवं. उलट त्यांना भीती होती ती हीच, की पोरीला ते आठवेल. आपण पुन्हा नारळ हातात घेतला, लोकांनी 'व्हय' म्हटलं, आणि तेव्हा ही तिथे उभी असली तर हिच्यासमोर तो दवाखाना उभा राहील. म्हणून त्यांनी सगळ्यांना सांगून टाकलं, "घसो बसलो. आता जमना नाय." घसा चांगला ठणठणीत होता. गच्चीवर क्रिकेट खेळणाऱ्या पोरांना ते अजून चार मजले खालून दटावत. आणि दुसरं एक कारण होतं, ते त्यांनी कोणालाच सांगितलं नव्हतं. ते देवावर रागावले होते. एका 'व्हय'साठी अडून बसणारा देव? एवढी वर्षं आपण त्याची वकिली केली, आणि आपल्याच वेळी त्याने हे करावं? त्या रागाचं काय करायचं ते त्यांना कळत नव्हतं.

आता, काही वर्षांनी, श्वेताचं लग्न आठवड्यावर आलं होतं. मुलगा कांजूरमार्गचा, सुबोध नावाचा, स्वभावाने सरळ. हळदीला घरात गाऱ्हाणं हवं, त्याशिवाय परबांच्या घरात कार्य सुरू होत नाही. गावाहून आलेला काकीचा भाऊ दादू म्हणाला, "मी घालतंय की." त्यावर श्वेता एवढंच म्हणाली, "बाबांनी घातलं तर घालायचं. नाहीतर नको. दुसऱ्या कोणाचं नको."

"घसो बसलोसा गो माझो," काका म्हणाले.

"मग राहू दे," ती म्हणाली आणि आत गेली. आपली मुलगी गाऱ्हाण्याविना सासरी जाणार, आणि त्याला कारण आपणच, हे काकांना सलत होतं. पण नारळ हातात घ्यायचा म्हटलं की हात पुढे होत नव्हता.

श्वेताला एक नाद होता. आठवडाभर विम्याच्या ऑफिसात डोकं घालायचं आणि रविवारी बॅटरीच्या सायकलींवरून लोकांना उपनगरातली जुनी देवळं, लेणी, पडके अवशेष दाखवत फिरवायचं. लग्नाआधीची शेवटची फेरी बोरिवलीची होती आणि ऐन वेळी एकजण गळला.

"बाबा, तुम्ही चला. घरी बसून मांडववाल्याशी भांडण्यापेक्षा बरं."

"मी खय येव? तां लेणां-बिणां, आमका काय कळता?"

"चला हो यार. सायकलच तर चालवायचीय. आयुष्यभर तेच केलंत ना?"

काका गेले. देवळं बघायला नव्हे. पोरगी लग्न करून जाणार, तिच्यासोबत एक सकाळ मिळतेय, म्हणून.

सायकलीवर बसून त्यांनी पहिला पायडल मारला आणि सायकल आपणहून पुढे धावली. काकांनी मागे वळून पाहिलं. थोडं गेल्यावर पुन्हा पाहिलं.

"गो, मागसून कोण ढकलता?"

"मोटर आहे बाबा."

"मोटर आसा तर मगे पाय कशाक व्हये?"

"काका, हा पॉइंट एकदम झकास आहे," शौनक हसत म्हणाला. हा अंधेरीहून आलेला कॉम्प्युटरवाला मुलगा. त्याच्यासोबत मुलुंडच्या इरावती देवधर होत्या, बँकेतून निवृत्त झालेल्या, अंबाड्यावर हेल्मेट काही बसेना म्हणून वैतागलेल्या. एवढीच माणसं. काकांना मात्र गंमत वाटायला लागली होती. वाटेत पाण्याच्या खात्याचं झाकण दिसलं की ते मुद्दाम त्याच्या बाजूने सायकल घेत आणि दुसऱ्याच्या वॉर्डातलं काम कसं आहे ते बघून नाक मुरडत.

मेट्रोच्या खांबांखालून, टॉवरच्या गेटांवरून, इडलीवाल्याच्या गर्दीतून वाट काढत ते बोरिवलीतल्या एकसरला आले. दोन इमारतींच्या आडोशाला श्वेताने सायकल लावली. "आलं," ती म्हणाली. काकांना आधी काही दिसेना. मग दिसले ते उभे दगड. माणसाहून उंच, ओळीने उभे, अंगाला शेंदूर, पायाशी सुकलेली झेंडूची फुलं. जवळ गेल्यावर कळलं की दगड कोरलेले आहेत.

दगडावर गलबतं होती. गलबतांच्या रांगा, आणि प्रत्येक गलबताच्या कडेने वल्ह्यांची दाटी. माणसं धनुष्यं ताणून उभी. कोणी पाण्यात पडलेलं. इथे मागे कुकरच्या शिट्ट्या होत होत्या, बाल्कनीत कोणी गालिचा झटकत होतं, आणि या दगडावर शेकडो वर्षं समुद्र उसळत होता. काका कोकणातले. वल्हं कसं धरतात ते त्यांना लहानपणापासून ठाऊक. त्यांनी बोट नेलं, पण लावलं नाही.

"ह्या समुद्रातला युद्ध?" त्यांनी हळूच विचारलं.

"हो. याला वीरगळ म्हणतात. लढाईत गेलेल्यांसाठी उभारायचे. कोणाची लढाई, कुठे झाली, यावर अभ्यासकांचं अजून चालूच आहे. पण मेलेल्या माणसाची आठवण, एवढं नक्की."

इरावतीबाई चष्मा पुसत होत्या. शौनकने फोन काढला होता, तो त्याने खिशात टाकला. काका मात्र एका दगडासमोर जाऊन उभे राहिले आणि वरपासून खाली निरखू लागले, जसं कोणीही निरखेल. अगदी वर एक माणूस पिंडीसमोर हात जोडून बसलेला. त्याच्या खालच्या कप्प्यात त्याच माणसाला बायका उचलून नेताहेत. आणि सगळ्यात खाली तोच माणूस लढाईत आडवा. काकांच्या चेहऱ्यावर काहीतरी कडवट आलं.

"बघलंस?" ते म्हणाले. आवाज एरवीसारखा नव्हता. "ह्येनी पण देवाक हात जोडल्यान. आधी हात जोडल्यान, आणि मगे मेलो. काय उपेग झालो तेच्या हात जोडण्याचो?"

श्वेता दचकली. बाबा दगडाबद्दल बोलत नाहीयेत हे तिला कळलं. पण ती गाईड होती, आणि चूक झाली की दुरुस्त करायची तिला सवय होती, म्हणून तोंडून आपसूक तेच निघालं.

"बाबा, असं नाही. वीरगळ खालून वर वाचायचा."

"म्हणजे?"

"आधी खालचं. आधी लढाई, त्यात तो गेला. मग मधलं, अप्सरा त्याला घेऊन चालल्यात. आणि मग शेवटी हे वरचं. कैलासात पोचल्यावर त्याने हात जोडलेत."

काकांनी नजर खाली नेली, आडव्या पडलेल्या माणसावर ठेवली, आणि सावकाश वर आणली. लढाई. उचलून नेणाऱ्या बायका. पिंडीसमोर जोडलेले हात. पुन्हा एकदा तसंच वर नेली.

"मेल्यावर हात जोडल्यान?"

"हो."

"मगे मागता काय? आता काय मागूचा ऱ्हवला तेचा?"

गाईडला सगळ्याच प्रश्नांची उत्तरं येत नसतात, आणि श्वेताने तसा आवही आणला नाही. "माहीत नाही बाबा," ती म्हणाली. काका तिथून हलेनात. सगळं संपलंय, जीवसुद्धा गेलाय, आणि तरी हा माणूस काहीच न मागता हात जोडून बसलाय. कोण जाणे कुठल्या पाथरवटाने हे कोरलं, आणि ज्यांचं माणूस गेलं त्यांनी ते कोरून घेतलं. रडून झाल्यावर त्यांना आपला माणूस असाच बघायचा होता. काकांच्या अंगावर सरसरून काटा आला. तो त्यांनी लपवलाही नाही, दंडावरून हात फिरवत उभे राहिले.

तिथून मंडपेश्वरची लेणी फार लांब नाहीत. वाटभर झाकणांकडेही काकांचं लक्ष गेलं नाही. समोर मोठं मैदान, पोरांचे क्रिकेटचे चार डाव एकमेकांत मिसळलेले, आणि पलीकडे काळा कातळ. कातळातच कोरून काढलेले खांब, आत मोकळा मंडप, आणि डोक्यावर पडक्या भिंती, ज्यांच्या फटींतून झाडं उगवलेली. श्वेताने सांगितलं, शिवाचं हे देऊळ डोंगर खोदून केलं. पुढे पोर्तुगीज आले, त्यांनी इथे प्रार्थनाघर केलं, वर मठ बांधला. मग तेही गेले. वरचे अवशेष त्यांचे, खालचं देऊळ त्याआधीचं. एका भिंतीवर आधीचं शिल्प छाटून कोरलेला क्रूस होता. मंडपात नाचणारा शिव होता, हात तुटलेले, चेहरा झिजलेला, आणि तरी कमरेतून असा वळलेला की आत्ता पाऊल टाकेल असं वाटावं.

"बापरे," शौनक म्हणाला. इरावतीबाईंनी हेल्मेट काढून काखेत घेतलं.

काका त्या शिवासमोर उभे राहिले. ज्याच्याशी आपण भांडत होतो, त्याचेच हात कोणी तोडलेत. त्याच्याच घरातून त्याला बाहेर काढलं. घराच्या डोक्यावर दुसऱ्याचं घर बांधलं, तेही पडलं. आणि हा नाचतोय. राग कुठे गेला ते काकांना कळलं नाही. त्या दगडाचं त्यांना वाईट वाटत होतं आणि त्याच वेळी त्याच्यापुढे आपण मुंगीएवढे आहोत असंही वाटत होतं.

गाभाऱ्यात थंडगार अंधार होता. पिंडीवर कोणीतरी सकाळी ताजं बेलाचं पान ठेवून गेलं होतं. काकांनी चपला केव्हाच बाहेर काढल्या होत्या. त्यांनी खांद्यावरच्या पिशवीत हात घातला. श्वेता बघत होती. पिशवीतून नारळ निघाला. इतकी वर्षं गाऱ्हाणं नाही, पण नारळाची सवय मोडली नव्हती.

काकांनी घसा खाकरला.

"बा देवा म्हाराजा! ह्या डोंगराच्या, ह्या जाग्याच्या म्हाराजा! तुझा मूळ नाव माका म्हायत नाय. ह्या भिंतीवरच्या क्रुसाच्या म्हाराजा, तू पण आयक. ज्येनी तुका कोरल्यान, ज्येनी तुका तोडल्यान, आणि सकाळी जो कोण बेल ठेवन गेलो, सगळ्यांनी आयका. मी धोंडू परब. मागूक काय येवक नाय. माझी वनमाला गेली. तिच्यासाठी जा मागलेलंय ता अर्ध्यार ऱ्हवला, म्हणान मी तुझ्यार रागावलंय. आता राग नाय. ती जय आसात थय तिका हात जोडूची बुद्धी दी. तिका सवय नव्हती, ती माझी मस्करी करी. आणि माझा चेडू आता दुसऱ्या घराक जाता, तेच्या पाठीक ऱ्हव, रे म्हाराजा!"

'म्हाराजा' कातळावर आदळला आणि घुमत राहिला. काका थांबले. थांबायचंच असतं. मैदानातली पोरं कोणाच्या तरी विकेटवरून भांडत होती, तेवढाच आवाज. शौनक आणि इरावतीबाईंना काय करायचं ते माहीत नव्हतं. काकांनी मान वळवली नाही. त्यांना मागे बघायची भीती वाटत होती.

"व्हय," श्वेता म्हणाली.

एवढंच तिच्याने म्हणवलं. पुढचा शब्द म्हणायची गरजही पडली नाही. काकांचाच 'म्हाराजा' गाभाऱ्यात अजून फिरत होता, तो तिच्या 'व्हय'ला येऊन लागला. दोघांनी तो ऐकला.

काकांनी पुन्हा म्हटलं, "रे म्हाराजा!" या वेळी श्वेताने पूर्ण म्हटलं, मोठ्याने, आईसारखं, आणि तिच्यामागोमाग इरावतीबाईंनी आणि शौनकनेही म्हटलं, जरा चुकीच्या सुरात, पण मनापासून. काकांनी नारळ दोन्ही हातांत घट्ट धरला होता. तो त्यांनी वाढवला नाही. हळदीच्या दिवशी वाढवू म्हणाले, आणि पिशवीत ठेवला.

बाहेर पायरीवर बसून ते चपला घालत होते, तेव्हा श्वेता शेजारी येऊन बसली. तिचे डोळे लाल झाले होते. गळ्यात गाईडचं ओळखपत्र होतं आणि त्याची दोरी ती बोटाला गुंडाळत होती.

"बाबा, त्या दिवशी हॉस्पिटलमध्ये मी..."

"गप," काका म्हणाले. त्यांनी तिच्या बोटावरची दोरी हळूच सोडवली. "खालसून वर वाचूचा. तूच सांगलंस ना?"

मग ते उठले आणि सायकलीकडे गेले. मोटर कुठलं बटण दाबल्यावर जोरात ढकलते, ते त्यांना शौनककडून शिकून घ्यायचं होतं.